पोथी चुकते कुठे, आणि कुणामुळे

देव्हाऱ्यालगतच्या फडताळात लाल फडक्यात बांधलेली एखादी पोथी अजून बऱ्याच घरांत असते. ती वाचत कुणी नाही, अभिमान मात्र सगळ्यांना असतो. ‘खापरपणजोबांच्या हातची आहे, शोधून एक खाडाखोड सापडायची नाही,’ असं पाहुण्यांना कौतुकानं सांगितलं जातं. या कौतुकात काही समजुती मुरलेल्या असतात. जुनं ते अस्सल, वळणदार ते शुद्ध, आणि कुठे चुकलंच असेल तर ते कुणा अर्धवट शिकलेल्या लेखनिकाचं. जरा तपासून पाहिलं, तर यांतली एकही समजूत धड उभी राहत नाही.

खाडाखोडीपासूनच सुरुवात करू. नक्कल पुरी झाली की ती मूळ प्रतीशी ताडून पाहणं हे वेगळं काम असे, आणि ते जाणता माणूस करी. चुकलेल्या अक्षरावर हरताळाचा पिवळा लेप द्यायचा, तो वाळला की त्यावर नवं अक्षर लिहायचं. सुटलेल्या अक्षराच्या जागी काकपदाची खूण करून ते अक्षर समासात घालायचं. दोन अक्षरांची उलटापालट झाली असेल तर त्यांच्या डोक्यावर बारीक २ आणि १ असे आकडे टाकायचे. अशा खुणांनी भरलेलं पान दिसायला गबाळं दिसतं, पण ते दुसऱ्यांदा वाचलं गेल्याची ती पावती असते. एकही पिवळा डाग नसलेली देखणी पोथी बहुधा कुणी तपासलेलीच नसते.

‘अडाणी लेखनिकांनी घोळ घातले’

हा सर्वांत लाडका गैरसमज. लेखनिक चुकत असत, यात वाद नाही. समोरच्या प्रतीतला चार-पाच शब्दांचा तुकडा वाचायचा, तो मनात धरायचा, मनातल्या मनात स्वतःलाच सांगायचा आणि बोरूनं उतरवायचा. या प्रत्येक पायरीवर पाय घसरतो. वाचताना घ चा ध होतो, भ चा म होतो, थ आणि य एकमेकांत मिसळतात. शब्द तोडून लिहायची पद्धत नव्हती, सगळी ओळ सलग असे, त्यामुळे शब्द कुठे संपला हेही वाचणाऱ्यानंच ठरवायचं. मनात धरलेल्या तुकड्यात ‘जल’ असेल तर हात सहज ‘नीर’ लिहून जातो. अर्थ तोच, शब्द वेगळा.

पण सगळ्यांत जास्त मजकूर गिळते ती नजरेची उडी. समजा, मूळ प्रतीत असं आहे:

राजा वनात गेला वनात त्याने हरिण पाहिले

लेखनिकानं ‘राजा वनात’ इतकं उतरवलं, बोरू दौतीत बुडवला आणि पुन्हा मूळ प्रतीकडे पाहिलं. आपण ‘वनात’पर्यंत आलो होतो, एवढं त्याच्या लक्षात आहे. नजर जाऊन पडते ती दुसऱ्या ‘वनात’वर. मग कागदावर उतरतं:

राजा वनात त्याने हरिण पाहिले

‘गेला वनात’ हे दोन शब्द गायब. नजर उलटी गेली तर तेच शब्द दोनदा लिहिले जातात. दोन ओव्यांचा शेवट एकाच शब्दानं होत असेल, तर याच रीतीनं मधली अख्खी ओवी उडते.

आता ही चुकलेली प्रत दोन लेखनिकांच्या हाती पडली असं धरू. पहिला साधा. त्याला वाक्य कळलं नाही, कळायची त्याला गरजही वाटली नाही. त्यानं जसंच्या तसं उतरवलं. दुसरा विद्वान. ‘राजा वनात त्याने’ हे व्याकरणात बसत नाही, हे त्याला लगेच दिसलं. त्यानं दुरुस्त केलं: राजाने वनात हरिण पाहिले. वाक्य नीटनेटकं झालं, व्याकरणशुद्ध झालं, आणि इथं काही हरवलं होतं याचा मागमूसही पुसला गेला. पहिल्याच्या प्रतीवरून अभ्यासक मूळ वाक्याचा अंदाज बांधू शकतो, कारण जखम उघडी आहे. दुसऱ्याच्या प्रतीवर त्याला शंकाच येणार नाही.

पाठचिकित्सा करणारे लोक म्हणूनच शहाण्या लेखनिकाला जास्त भितात. दोन पाठांपैकी एक अवघड आणि एक सोपा असेल, तर अवघड पाठ बहुधा जुना, असा त्यांचा एक आडाखा आहे. अवघडाचं सोपं करायचा मोह सगळ्यांना होतो, सोप्याचं अवघड मुद्दाम कुणी करत नाही. (हा आडाखा निरर्थक अक्षरांना लागू नाही. ‘अवघड’ आणि ‘बाष्कळ’ यांत फरक आहे.) ज्ञानेश्वरीच्या प्रतींत हे जागोजागी दिसतं. तेराव्या शतकातली रूपं पुढच्या पिढ्यांना कळेनाशी झाली, तेव्हा नक्कल करणाऱ्यांनी आपल्या काळची ओळखीची रूपं तिथं बसवली. त्यांत कुणाचाही वाईट हेतू नव्हता. वाचणाऱ्याला समजावं, एवढीच इच्छा.

समासातल्या टिपांचंही तसंच. कुणी वाचकानं कठीण शब्दाचा अर्थ कडेला लिहून ठेवलेला असतो. पुढच्या लेखनिकाला वाटतं, हा सुटलेला मजकूर आहे, आणि तो अर्थ थेट ओळीत जाऊन बसतो. गंमत म्हणजे, ही चूक काळजी घेणारा लेखनिकच करतो. निष्काळजी माणूस समासाकडे बघतच नाही.

पोथीच्या शेवटच्या नोंदीत, म्हणजे पुष्पिकेत, लेखनिक मंडळी आपली बाजू मांडून ठेवत. जशी प्रत दिसली तशी उतरवली, शुद्ध-अशुद्धाचा दोष माझा नाही, अशा आशयाचा श्लोक शेकडो पोथ्यांत आढळतो. पाठ, कंबर, मान मोडून हे लिहिलंय तेव्हा नीट जपा, अशी तक्रारवजा विनवणीही असते. लोक याला हात झटकणं म्हणतात. मला तर त्यात धंद्याचं इमान दिसतं: मी बदल केलेला नाही, एवढीच हमी लेखनिक देऊ शकतो आणि तेवढीच तो देतो.

‘जितकी जुनी, तितकी खरी’

आधी पोथी खरंच जुनी आहे का, ते पाहावं लागतं. पुष्पिकेत शक, संवत्सर, तिथी, वार असं सगळं व्यवस्थित असतं. पण जसं दिसेल तसं उतरवणारा लेखनिक पुष्पिकासुद्धा तशीच उतरवतो, जुन्या तारखेसकट. पुढे वाचणारा ती नकलेची तारीख समजतो आणि पोथी एका झटक्यात शे-दोनशे वर्षांनी म्हातारी होते. कागद, शाई आणि अक्षरांचं वळण यांच्याशी तारीख पडताळल्याशिवाय तिच्यावर भिस्त ठेवता येत नाही.

बरं, तारीख खरी निघाली तरी निकाल लागत नाही. सोळाव्या शतकातली प्रत एखाद्या बिघडलेल्या प्रतीवरून केलेली असू शकते, आणि अठराव्या शतकातली प्रत एखाद्या उत्तम जुन्या प्रतीवरून. प्रतीचं वय आणि तिच्यातल्या पाठाचं वय वेगवेगळं असतं.

बहुमताचंही असंच आहे. ‘पन्नास पोथ्यांत असं आहे आणि दोनच पोथ्यांत तसं’ हे ऐकायला बिनतोड वाटतं. पण ते पन्नास जण एकाच आईची लेकरं असतील तर त्यांचं मत एकच. ही नाती ओळखतात कशी? चुकांवरून. बरोबर मजकूर तर सगळ्यांकडेच सारखा असतो, त्यावरून काही कळत नाही. पण एकच ओळ चार प्रतींत एकाच जागी गळलेली असेल, तर त्या चौघींचा उगम एक. ज्या चुकांना आपण नाकं मुरडतो, त्यांच्यावरच पोथ्यांची वंशावळ उभी राहते.

पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेत महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीचं काम १९१९ साली सुरू झालं आणि १९६६ साली पुरं झालं. त्यासाठी १,२५९ हस्तलिखितं तपासली गेली. आखलेल्या तक्त्याच्या माथ्यावर प्रचलित संहितेतला श्लोक लिहायचा आणि प्रत्येक हस्तलिखितातला फरक ज्या त्या अक्षराखाली नोंदवायचा, अशी पद्धत होती. आदिपर्वाचे संपादक विष्णु सीताराम सुकथनकर यांच्यापुढे त्या पर्वाच्या २३५ हस्तलिखितांची माहिती होती. त्यांतली १०७ देवनागरीतली, आणि काश्मीरच्या शारदा लिपीतली अवघी तीन. बहुमत चालवलं असतं तर देवनागरी जिंकली असती. सुकथनकरांचा निष्कर्ष नेमका उलटा होता: देवनागरी प्रतींत सगळीकडच्या पाठांची सरमिसळ झालेली आहे, शारदा परंपरेतला पाठ मात्र पुष्कळच निर्भेळ राहिलाय. संहिता सिद्ध करण्यासाठी त्यांनी सुमारे साठ प्रती वापरल्या. आदिपर्व १९३३ साली पुरं झालं, आणि त्यानंतर नेपाळमध्ये आदिपर्वाची एक फार जुनी ताडपत्री प्रत उजेडात आली. सुकथनकरांनी तर्कानं स्वीकारलेल्या कितीतरी पाठांना तिनं दुजोरा दिला.

‘तोंडी परंपरेत तर काहीच्या काही बदलत असणार’

सरसकट नाही. ऋग्वेदाच्या बाबतीत तोंडी परंपरा लेखी प्रतींपेक्षा भरवशाची ठरली. पदपाठ, क्रमपाठ, जटापाठ, घनपाठ या पाठपद्धतींत तेच शब्द सुटे करून, जोड्या लावून, उलटसुलट म्हणावे लागतात, त्यामुळे एक अक्षर घसरलं तरी पुढे अडखळायला होतं. ही चुका पकडायची यंत्रणाच आहे. अर्थात ती वेदांपुरती. कीर्तनातून, भजनातून फिरणाऱ्या अभंगांना असली कसली राखण नव्हती.

‘मोडी कागद म्हणजे सरकारी दप्तर, तिथं चूक कशी असेल?’

दप्तरातसुद्धा तालिका होत, म्हणजे पत्रांच्या नकला, आणि त्या लिहिणारी माणसंच होती. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत आणि शब्दही तोडत नाहीत. त्यामुळे बाळबोधीत छापलेल्या जुन्या पत्रातलं ऱ्हस्व-दीर्घ पाहून मूळ लेखकाच्या शुद्धलेखनावर कुणी मत देत असेल, तर ते मत खरं म्हणजे लिप्यंतर करणाऱ्याच्या शुद्धलेखनावर आहे.

खरा धोका तारखांत. दप्तरात चालणाऱ्या सुहूर सनाचे आकडे अरबी शब्दांत लिहीत: सबा म्हणजे सात, समान म्हणजे आठ, सबैन म्हणजे सत्तर, तिसैन म्हणजे नव्वद. ‘सबा सबैन व अलफ’ हे झालं सुहूर १०७७, म्हणजे इसवी सन १६७६-७७. ‘सबा’चं ‘समान’ झालं तर कागद एका वर्षानं पुढे सरकतो. पण ‘सबैन’ची पहिली दोन अक्षरं पुसट झाली आणि नकलेत ‘तिसैन’ उतरलं, तर तोच कागद १६९६-९७ मध्ये जातो. शिवाजी महाराजांच्या हयातीतलं पत्र राजाराम महाराजांच्या जिंजीच्या काळात जाऊन पडतं. म्हणून सालावर विसंबून न राहता चंद्र, तिथी, वार आणि पत्रातली माणसं यांचा मेळ बसतो का, हे पाहावंच लागतं.

‘पाठ तपासणं हे साहेबाचं खूळ’

पद्धतशीर वंशावळ मांडायची रीत युरोपातली, हे मान्य. पण प्रती जमवून पाठ शुद्ध करायची गरज आपल्याकडे कुणाला वाटलीच नाही, हे साफ चूक. ज्ञानेश्वरी शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली झाली. सच्चिदानंदबाबा तिचे लेखक, म्हणजे उतरवून घेणारे, अशी नोंद ग्रंथाच्या शेवटीच आहे. त्यानंतर २९४ वर्षांनी, शके १५०६ मध्ये, पैठणच्या एकनाथांनी तिची प्रत शुद्ध केली. मूळ ग्रंथ अतिशुद्धच होता, पाठांतरांमुळे तो बिघडला, असं निदान त्यांनी स्वतः लिहून ठेवलंय. वर पुढच्यांना तंबीही दिली: या ग्रंथात जो आपली ओवी घुसडील, त्यानं अमृताच्या ताटात नरोटी ठेवली असं समजा. क्षेपक घालणाऱ्यांना मराठीत याहून नेमकं कुणी सुनावलेलं मला ठाऊक नाही.

सतराव्या शतकात मूळचे कोपरगावचे आणि काशीत राहिलेले नीलकंठ चतुर्धर यांनीही महाभारतावर टीका लिहिण्यापूर्वी निरनिराळ्या प्रांतांतल्या प्रती गोळा करून पाठ निवडले. त्यांचा कल मात्र चांगलं ते सगळं सामावून घेण्याकडे होता, त्यामुळे त्यांची संहिता फुगली. एकोणिसाव्या शतकात तीच मुंबईत छापली गेली आणि हेच महाभारत, असं सर्वांच्या मनात बसलं. छापखान्यानं चुका थांबवल्या नाहीत. त्यानं एका प्रतीला हजारो भावंडं दिली आणि बाकीच्या प्रती विस्मरणात ढकलल्या.

‘भांडारकरवाल्यांनी गणपतीला महाभारतातून काढलं’

व्यासांनी सांगितलं आणि गणपतीनं लिहिलं, ही कथा चिकित्सित आवृत्तीच्या मूळ संहितेत नाही, हे खरं. द्रौपदीनं कृष्णाचा धावा केला, तो भागही तिथं नाही. सभापर्वाचे संपादक फ्रँकलिन एजर्टन यांनी सिद्ध केलेल्या संहितेत वस्त्रं येत राहतात, धावा नाही. पण ‘काढलं’ हा आरोप ते खंड न उघडताच केला जातो. संहितेत न घेतलेला मजकूर तळटीपांत आणि परिशिष्टांत छापलेला आहे, कोणत्या प्रतींत तो मिळतो याच्या खुणांसकट. गणपतीची कथा आदिपर्वाच्या परिशिष्टात आहे.

याच्या उलट टोकाचा गैरसमजही तितकाच पसरलेला आहे, की हेच व्यासांचं मूळ महाभारत. तसा दावा सुकथनकरांनी कधी केला नाही. उपलब्ध हस्तलिखितांच्या आधारे मागे जात जिथवर पोचता येतं, तिथवरचं जुन्यात जुनं रूप, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. जिथं पाठाची खात्री नव्हती तिथं संपादकांनी शब्दाखाली नागमोडी रेघ छापली आहे. या आवृत्तीवरून वाद घालायचा असेल त्यानं आधी ती रेघ शोधावी, मग त्याच पानावरची तळटीप वाचावी.