पडद्यावरचा पराक्रम आणि त्याची साक्ष

अमरावतीच्या गाडगेनगरात काय किंवा अकोल्याच्या तोष्णीवाल ले-आउटमध्ये काय, भाड्याच्या खोल्यांत राहून परीक्षांची तयारी करणाऱ्या मुलांची रात्रीची जेवणे आटोपली, की मेसच्या पायऱ्यांवर चार डोकी चार मोबाइलांवर वाकलेली दिसतात. अर्धा तास आरडाओरड चालते. शेवटचा शत्रू पडतो आणि क्षणभर शांतता पसरते. मग एकजण विचारतो, "काढला काय रे?" दुसरा म्हणतो, "काढला ना." "मंग ग्रुपवर टाकजो." काढायचे असते ते विजयाच्या पडद्याचे चित्र, म्हणजेच आता घरोघरी रूढ झालेल्या शब्दात स्क्रीनशॉट. मोबाइलच्या कडेची दोन बटणे एकदम दाबायची, एवढाच काय तो खटाटोप. सकाळ होण्याच्या आत ते चित्र धारणीपासून मूर्तिजापूरपर्यंत विखुरलेल्या मित्रांकडे पोहोचलेले असते. घरच्यांना यात वेळेचा अपव्यय दिसतो, शिक्षकांना पोरकटपणा. दोघांचेही अगदीच चुकते असे नाही. परंतु या दोन बटणांच्या क्रियेमागे विश्वास, पैसा आणि आठवण असे बरेच काही गुंतलेले आहे, आणि ते वडीलधाऱ्यांनी समजून घेतलेले नाही, ही वस्तुस्थिती आहे.

वऱ्हाडाला खेळाचे वावडे कधीच नव्हते. अमरावतीचे श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ साली स्थापन झाले, आणि १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी त्याच्या पथकाने कबड्डीसारख्या देशी खेळांची प्रात्यक्षिके तेथे करून दाखविली. त्या पराक्रमाला साक्ष होती ती प्रत्यक्ष पाहणाऱ्यांची. खेड्यातल्या कुस्तीच्या फडाचेही तेच. कोणी कोणाला चीत केले याबद्दल वाद उत्पन्न झालाच, तर सारे गाव साक्षीला उभे असे. पैलवानाला पुरावा खिशात बाळगण्याचे कारण नव्हते. मोबाइलवरील खेळाची गोष्ट याच्या नेमकी उलट आहे. एका खोलीत बसलेला मुलगा शंभर जणांवर मात करतो, पण शेजारच्या खाटेवरील सोबत्यालाही त्याचा पत्ता नसतो. ज्या खेळाला प्रेक्षक नाही, त्या खेळातील विजय अर्धाच वाटतो; उरलेला अर्धा मिळविण्यासाठी प्रेक्षकांकडे चित्र धाडावे लागते. याला केवळ बढाई म्हणणे म्हणजे फडाभोवती गोळा होणाऱ्या गावालाही बढाईखोर म्हणण्यासारखे आहे.

ही हौस आजच्या पिढीने शोधून काढलेली नाही. १९८० च्या दशकाच्या आरंभी अॅक्टिव्हिजन या अमेरिकन कंपनीने आपल्या दूरचित्रवाणीवर खेळावयाच्या खेळांसाठी एक योजना काढली होती. ठरावीक गुण मिळवावेत, दूरचित्रवाणीच्या पडद्याचा फोटो काढावा आणि तो टपालाने कंपनीकडे पाठवावा. कंपनी त्या खेळाडूला शर्टावर शिवावयाचा कापडी बिल्ला पाठवी. १९८२ च्या 'पिटफॉल' या खेळासाठी ही मर्यादा २०,००० गुणांची होती. आता त्या बिल्ल्याची किंमत पाहा. कॅमेरा हवा, फिल्म हवी, अंधाऱ्या खोलीत पडदा न थरथरता टिपण्याचे कसब हवे, मग फोटो धुऊन यावा, पाकिटावर तिकीट लागावे आणि उत्तराची वाट पाहण्याची चिकाटी असावी. एवढा खर्च सोसणाऱ्याने ते गुण खरोखरीच मिळविले असावेत, असे मानण्यास हरकत नसे.

अर्थशास्त्रात या गोष्टीला स्वतंत्र सिद्धान्त आहे. मायकेल स्पेन्स यांनी १९७३ साली नोकरीच्या बाजाराविषयी लिहिताना दाखवून दिले, की पदवीसारखी खूण विश्वसनीय ठरते ती अपात्र माणसाला ती मिळविणे फार महाग पडते म्हणून. पुढे २००१ साली त्यांना अॅकरलॉफ आणि स्टिग्लिट्झ यांच्यासमवेत नोबेल पारितोषिक मिळाले. जी खूण कोणालाही फुकट करता येते, ती कशाचीच खूण राहत नाही. महाग खूणही कधी फसविते, हे मान्य केले पाहिजे. मोटारींच्या शर्यतीच्या 'ड्रॅगस्टर' या खेळात एका अमेरिकन खेळाडूच्या नावे १९८२ सालचा ५.५१ सेकंदांचा विक्रम होता. कंपनीने तो मान्य केला होता आणि पस्तीस वर्षे त्याला कोणी हात लावला नाही. अखेर खेळाचा प्रोग्रॅमच तपासला गेला, तेव्हा ५.५७ सेकंदांहून कमी वेळ त्यात शक्यच नाही असे दिसून आले, आणि २०१८ साली विक्रमांच्या यादीतून ती नोंद काढून टाकण्यात आली. याउलट, जून २०२२ मध्ये अमरावती-अकोला महामार्गावर ७५ किलोमीटर लांबीचा डांबरी थर १०५ तास ३३ मिनिटांत टाकून जो गिनीज विक्रम नोंदविला गेला, त्याचा रस्ता तरी समोर पसरलेला आहे. ज्याला शंका असेल त्याने त्यावरून एस.टी.ने जावे. पडद्यावरच्या विजयाला असा रस्ता नसतो.

चित्र काढणे पुढे सोपे होत गेले, ते आपोआप नव्हे. १९८१ च्या आयबीएम संगणकावर पडदा छापण्याची कळ होती. ती पडद्यावरचा मजकूर छपाईयंत्राकडे धाडी. २०११ साली 'स्टीम' या खेळविक्रीच्या दुकानाने खेळता खेळता एका कळीने चित्र काढून ते मित्रांना दाखविण्याची सोय केली. २०१३ च्या प्लेस्टेशन ४ च्या हातयंत्रावर तर 'शेअर' असे नाव दिलेले स्वतंत्र बटणच आले. एखादी कंपनी लक्षावधी यंत्रांवर एक जादा बटण बसविते, तेव्हा ते खेळाडूंच्या हौसेखातर बसविले असे समजणे भोळेपणाचे होईल. मित्राने पाठविलेले चित्र हे वर्तमानपत्रातील जाहिरातीपेक्षा अधिक परिणामकारक आणि शिवाय फुकट. चित्रातील डोंगर, माणसे, शस्त्रे यांवर कायद्याने कंपनीचा हक्क असतो. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात खाजगी उपयोग, टीका व परीक्षण यांसाठी रास्त वापराची जी सूट आहे, तेवढाच खेळाडूचा आधार. तरीही कंपन्या सहसा तक्रार करीत नाहीत. निंटेंडोसारख्या आपल्या हक्कांबाबत कडक समजल्या जाणाऱ्या कंपनीनेही २०१८ साली नियम घालून का होईना, पण परवानगी दिली. कारण उघड आहे. अकोल्याचा विद्यार्थी मध्यरात्री जे चित्र पाठवितो, ते त्याने विनावेतन केलेले प्रचाराचे काम असते.

इथवरच्या व्यवहारात कोणाचे फारसे नुकसान नाही. नुकसान सुरू होते ते चित्राला पैसा चिकटला म्हणजे. व्हॉट्सअॅप आणि टेलिग्रामवरच्या गटांतून किरकोळ प्रवेश फी घेऊन सामने भरविले जातात. फी भरल्याचा पुरावा म्हणजे स्क्रीनशॉट, किती गडी टिपले याचा पुरावा म्हणजे स्क्रीनशॉट, आणि आयोजकाने बक्षीस दिल्याचा पुरावा म्हणजेही स्क्रीनशॉटच. यांतील प्रत्येक चित्रातील आकडा दोन मिनिटांत बदलता येतो. हे आपल्या चौकातील चहावाल्याला केव्हाच उमगले आहे. पैसे भरल्याची बनावट चित्रे दाखवून लोक निघून जाऊ लागले, तेव्हा त्याने काउंटरवर बोलणारा डबा आणून ठेवला. डब्यातून रकमेचा उच्चार झाल्यावाचून तो गिऱ्हाइकाच्या मोबाइलकडे ढुंकूनही पाहत नाही. ज्या मुलाला चहावाला पडदा पाहून दहा रुपयांचा चहा देत नाही, तोच मुलगा अनोळखी माणसाने पाठविलेल्या विजयाच्या चित्रावर भरवसा ठेवून पन्नास रुपये धाडतो. वाणिज्य शाखेच्या वर्गात शिकविण्यास यापेक्षा चांगले उदाहरण मिळणार नाही.

पैसे लावून खेळावयाच्या खेळांत हा प्रकार अधिक घातक ठरला. 'आज अमुक हजार जिंकले' असे चित्र आणि त्याखाली स्वतःचा आमंत्रणाचा संकेतांक. तो वापरून नवा गडी आला की चित्र पाठविणाऱ्याला काही रक्कम मिळे. हरल्याचे चित्र कोणी पाठवीत नाही, त्यामुळे पाहणाऱ्याला जग जिंकणाऱ्यांनीच भरलेले दिसते. कापूस पिकविणाऱ्या प्रदेशाला हा अनुभव नवा नसावा. न्यूयॉर्कच्या कापूस बाजारातील उघडत्या व बंद भावांवर मुंबईत एकेकाळी आकडे लावले जात. साठीच्या दशकाच्या आरंभी ते भाव येणे थांबले, तेव्हा मडक्यातून चिठ्ठ्या काढण्याची रीत पडली आणि मटका जन्मास आला. वऱ्हाडात पिकणाऱ्या मालाच्या भावातून निघालेला हा जुगार वऱ्हाडच्याच गावागावांत परत आला. ज्याला आकडा लागला त्याचे नाव पानाच्या ठेल्यावर आठवडाभर ऐकू येई. ज्यांचा बुडाला त्यांची मोजदाद फक्त त्यांच्या घरात होई.

संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये ऑनलाइन खेळांविषयीचा कायदा संमत केला आणि २२ ऑगस्टला त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. त्यात ई-स्पोर्ट्सना खेळ म्हणून मान्यता आहे, पैशांच्या खेळांना बंदी आहे. खेळणाऱ्याला शिक्षा नाही. मात्र अशा खेळांची जाहिरात करणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कैद, पन्नास लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी तरतूद आहे. मग संकेतांकासह विजयाचे चित्र पाठविणारा मुलगा खेळाडू की जाहिरातदार? कायद्याच्या दृष्टीने ही रेषा बारीक आहे, आणि ती ओलांडणाऱ्याला आपण ओलांडल्याचे कळतच नाही. महाविद्यालयांतून रॅगिंगविरुद्ध फलक लागतात, वाहतुकीचे सप्ताह साजरे होतात. ही चार वाक्ये मात्र कोणी विद्यार्थ्यांना समजावून सांगितल्याचे दिसत नाही.

चित्राची साक्ष किती मानावी, हा प्रश्न विद्यार्थ्यांपुरताच नाही. जुलै २०२५ मध्ये त्या वेळचे कृषिमंत्री माणिकराव कोकाटे यांचे विधिमंडळाच्या सभागृहातील एक चित्रण आमदार रोहित पवार यांनी प्रसृत केले. मंत्र्यांच्या हातातील मोबाइलवर पत्त्यांचा खेळ दिसत होता. मंत्री रमी खेळत होते, असा आरोप झाला. खेळ पडद्यावर आपोआप आला आणि आपण तो बंद करीत होतो, असे मंत्र्यांचे म्हणणे होते. काही सेकंदांच्या त्या तुकड्याच्या आधी काय होते आणि नंतर काय, हे चित्र सांगत नव्हते. पण नापिकी आणि कर्ज यांनी पोळलेल्या वऱ्हाडातील शेतकऱ्याला त्या आधी-नंतरशी काय कर्तव्य? महिना संपता संपता कृषिखाते त्यांच्याकडून काढून घेण्यात आले आणि त्यांना क्रीडाखाते देण्यात आले. या निवडीत विनोद कोणी हेतुपुरस्सर केला नसेल. तो घडला खरा.

असो. पैसा आणि राजकारण बाजूला ठेवले, तर या चित्रांचे आणखी एक प्रयोजन उरते, आणि मेसच्या पायरीवरील मुलांच्या बाबतीत बहुधा तेच मुख्य असावे. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने पब्जीसह ११८ अॅपवर बंदी घातली, आणि ३० ऑक्टोबरला त्या खेळाची भारतातील सेवा पूर्ण थांबली. टाळेबंदीत कॉलेजे बंद पडून आपापल्या गावी अडकलेल्या मुलांची रोजची भेट त्या खेळातच होत असे. मैदाने ओस, एस.टी. बंद, आणि दर्यापूरचा एक, बाळापूरचा एक, असे चौघे रात्री त्या बेटावर एकत्र उतरत. एका रात्रीत ते बेटच नाहीसे झाले. जुलै २०२१ मध्ये नव्या नावाने खेळ परत आला, जुन्या खात्यांतील ठेवा त्यात हलविण्याची सोयही झाली. पण २०२२ च्या जुलैत तोही दुकानांतून काढला गेला आणि २०२३ च्या मे महिन्यात पुन्हा आला. घर बांधावे आणि ती जमीन आपली नाही हे दर वर्षा-दोन वर्षांनी कळावे, तशातला हा प्रकार. खेळाडूच्या मालकीचे असे त्यात काहीच नव्हते. गुण नव्हेत, पद नव्हे, विकत घेतलेला पोशाखही नव्हे. त्याच्या हाती राहिली ती फक्त काढून ठेवलेली चित्रे.

त्या चित्रांत चार पुतळे एका रांगेत उभे असतात, वर विजयाची ओळ आणि खाली चौघांची टोपणनावे. एव्हाना त्यांतला एक पुण्याच्या कंपनीत लागलेला असतो, एक वडिलांच्या कृषी केंद्रात बसतो, तिसरा पोलीस भरतीसाठी पहाटे धावतो आणि चौथा अजून परीक्षांचे अर्ज भरतो आहे. गट जुनाच आहे, पण त्यावर आता सणांच्या शुभेच्छांपलीकडे फारसे काही येत नाही. मोबाइल बदलण्याची वेळ आली, की दुकानदार जुन्यातले काय काय नव्यात घ्यायचे ते विचारतो. अभ्यासाच्या नोंदी राहिल्या तर राहू द्या, असे म्हणणारा मुलगा त्या चित्रांपाशी थांबतो आणि ती सगळी घ्यायला सांगतो.