खांदा दुखतो, पण एक्स-रे नॉर्मल!

‘डॉक्टर, एक्स-रे तर नॉर्मल आला, मग खांदा दुखतो कशाने?’ हा प्रश्न आमच्या दवाखान्यात आठवड्यातून एकदा तरी ऐकू येतोच. त्याचे उत्तर आज एका अमेरिकन खेळाडूच्या गोष्टीतून देतो. या उत्तरासाठी त्याला आठ वर्षे थांबावे लागले आणि तोपर्यंत त्याचा खेळ संपलेला होता.

खेळ बेसबॉलचा. आपल्याकडे तो फारसा खेळला जात नाही, म्हणून थोडी ओळख. क्रिकेटमध्ये जो गोलंदाज, तो तिथे पिचर. तो धावत येत नाही. मातीच्या लहानशा उंचवट्यावर उभा राहून, एक पाय उचलून पुढे टाकतो आणि साठ फुटांवरच्या फलंदाजाकडे चेंडू फेकतो. कोपर वाकवायला तिथे बंदी नाही.

मार्क फिड्रिच हा असा एक पिचर. १९७६ साली, वयाच्या २१ व्या वर्षी तो डेट्रॉइट टायगर्स संघात आला. उंच, किडकिडीत, डोक्यावर कुरळ्या केसांचे जंगल. मुलांच्या ‘सेसमी स्ट्रीट’ या कार्यक्रमातल्या मोठ्या पिवळ्या पक्ष्यासारखा दिसतो म्हणून त्याला सगळे ‘बर्ड’ म्हणत. हा गडी गुडघे टेकून उंचवट्यावरची माती हाताने सारखी करी आणि चेंडूशी बोले! त्याला पाहायला लोक गर्दी करीत. त्या वर्षी त्याच्या नावावर १९ विजय आणि ९ पराभव लागले, उत्कृष्ट नवोदित खेळाडूचा पुरस्कारही मिळाला. पण डॉक्टर म्हणून माझी नजर दुसऱ्याच आकड्यावर जाते. त्याने सुरुवात केलेल्या २९ सामन्यांपैकी २४ सामने त्याने एकट्याने शेवटपर्यंत टाकले. आज एखाद्या पिचरने मोसमात दोन-तीन सामने पूर्ण टाकले तरी त्याचे कौतुक होते.

पुढच्याच वर्षी, १९७७ च्या सरावात झेल घेताना त्याच्या डाव्या गुडघ्यातली कूर्चा फाटली. शस्त्रक्रिया झाली आणि मे महिन्याच्या अखेरीस तो पुन्हा मैदानात उतरला. ४ जुलैला, बाल्टिमोरविरुद्धच्या सामन्यात, उजव्या हातातला जीवच गेल्यासारखे झाले. उजव्या हाताने फेकणाऱ्याचे सगळे वजन शेवटी डाव्या पायावर येते. तो गुडघा साथ देत नसेल तर फेकण्याची ढब बदलते आणि कमी पडलेला जोर खांद्याला भरून काढावा लागतो. फिड्रिचचे असेच झाले असावे, असे अनेकांचे मत आहे. मलाही ते पटते.

त्यानंतर विश्रांती, पुन्हा प्रयत्न, पुन्हा दुखणे. १९७८ मध्ये ३ सामने, १९७९ मध्ये ४, १९८० मध्ये ९. पहिल्या वर्षापासूनचे सगळे सामने मोजले तरी ५८ च भरतात. पुढे काही वर्षे खालच्या दर्जाच्या स्पर्धांत धडपडून त्याने खेळ सोडला. अखेर १९८५ मध्ये डॉ. जेम्स अँड्र्यूज यांनी तपासले तेव्हा खांद्यातला ‘रोटेटर कफ’ फाटलेला आढळला.

हा कफ म्हणजे काय? दंडाच्या हाडाचे वरचे टोक चेंडूसारखे गोल असते आणि त्याची खोबण मात्र बशीसारखी उथळ. बशीत लिंबू ठेवून हलवून पाहा, म्हणजे कल्पना येईल. ते लिंबू जागेवर राखण्याचे काम चार लहान स्नायू आणि त्यांच्या कंडरा करतात. शर्टाच्या बाहीच्या कफासारख्या त्या हाडाला वेढून असतात. पिचरचा दंड फेकीच्या क्षणी इतक्या वेगाने वळतो की तोच वेग टिकला तर तो सेकंदाला जवळजवळ वीस वेळा फिरेल! चेंडू सुटला, पण हात थांबवायचा कोणी? ब्रेक लावण्याचे काम याच लहान स्नायूंकडे येते आणि तिथे धागे तुटत जातात.

एक्स-रेमध्ये हाड दिसते, कंडरा दिसत नाही. १९७७ मध्ये एमआरआय रुग्णालयांत आलेला नव्हता. आज सोनोग्राफीवरही बरेच कळते.

आपल्याकडे पिचर नाहीत, पण खांदे आहेत. रंगारी, सुतार, डोक्यावर ओझे वाहणारे आणि स्कूटरवरून हातावर पडलेले. त्या कुशीवर झोपले की रात्री ठणका लागतो. हात बाजूने वर नेताना मध्येच कळ येते, फळीवरचा डबा काढता येत नाही. खांदा आखडला असेल तर दुसऱ्याने उचलूनही हात पूर्ण वर जात नाही. मधुमेह्यांत हे फार आढळते. कफ फाटला असेल तर दुसऱ्याने उचलला की हात जातो, पण स्वतःला तो तिथे धरून ठेवता येत नाही, खाली पडतो. पडल्यानंतर असे झाले तर आठवडे घालवू नका, अस्थिरोगतज्ज्ञांना दाखवा. फाटलेली कंडरा मागे सरकते, स्नायूत चरबी भरते आणि मग टाके घालणेही अवघड होते. मात्र प्रत्येक फाटीला शस्त्रक्रिया लागत नाही. वयोमानाने झिजून फाटलेल्या कित्येकांना नीट शिकवलेल्या व्यायामाने आराम पडतो. दुखरा खांदा जोराने चोळणे आणि महिनोन् महिने गळपट्टीत अडकवणे, दोन्ही टाळा.

हे मी शिकलो, पण एका रुग्णाच्या खर्चाने. एक रंगारी शिडीवरून घसरताना एका हाताने लोंबकळले होते. एक्स-रे नॉर्मल पाहून मी त्यांना चार महिने वेदनाशामक गोळ्या आणि शेक देत राहिलो. हात धरून ठेवता येतो का, एवढे साधे पाहिलेही नाही. पुढे शहरात सोनोग्राफी झाली तेव्हा कंडरा पूर्ण तुटून आत सरकलेली होती. ते आजही रक्तदाबाच्या गोळ्यांसाठी माझ्याकडेच येतात. उजवा हात छातीपर्यंत जातो. छताचे काम आता त्यांचा मुलगा करतो.