'अँसिलरी' : गौण, दुय्यम की उपकारक?

इंग्रजीतील वैचारिक, कायदेविषयक आणि प्रशासकीय लेखन मराठीत आणताना काही शब्द वरवर सोपे भासतात आणि नेमके त्यामुळेच त्यांच्याकडे दुर्लक्ष होते. 'अँसिलरी' हा असाच एक शब्द आहे. मुख्य गोष्टीच्या जोडीने येणाऱ्या, मुख्य नसलेल्या गोष्टीचे हे विशेषण. त्यासाठी मराठीत गौण, दुय्यम, आनुषंगिक, सहायक, पूरक असे पाच पर्याय सहज सुचतात आणि बहुधा त्यांतील कोणताही एक चालेल असे गृहीत धरले जाते. वस्तुतः हे पाच शब्द परस्परांचे पर्याय नाहीत. प्रत्येक शब्द मुख्य आणि अमुख्य यांच्यात वेगळ्या स्वरूपाचे नाते कल्पितो. म्हणून पर्यायाची निवड हा केवळ शैलीचा प्रश्न राहत नाही. एखाद्या गोष्टीकडे कसे पाहायचे याचा निर्णय त्या निवडीतच होऊन जातो. प्रस्तुत लेखात या शब्दाची व्युत्पत्ती, त्याचे इंग्रजीतील उपयोजन, मराठी पर्यायांची अर्थक्षेत्रे आणि साहित्याभ्यासातील त्यांचे परिणाम यांचा क्रमाने विचार केला आहे.

१. व्युत्पत्ती

'अँसिलरी' हे विशेषण लॅटिन 'आन्किल्ला' या शब्दापासून आले आहे. 'आन्किल्ला' म्हणजे दासी, घरात राबणारी स्त्री. हा शब्द स्त्रीलिंगी आहे, ही बाब ध्यानात घेण्याजोगी आहे. सतराव्या शतकापासून इंग्रजीत रूढ असलेल्या या शब्दात आजच्या वाचकाला दासी दिसत नाही. पण शब्दाचा कणा अद्याप सेवेचाच आहे. जे दुसऱ्याच्या कार्यासाठी राबते ते 'अँसिलरी'.

युरोपीय विचारात या रूपकाला दीर्घ इतिहास आहे. अकराव्या शतकात पीटर डेमियन या धर्मपंडिताने तर्कविद्येने धर्मग्रंथांपुढे दासीप्रमाणे वागावे, स्वामिनीच्या पुढे जाऊ नये, अशी भूमिका मांडली. पुढे तत्त्वज्ञान ही ईश्वरविद्येची दासी होय, हे सूत्र मध्ययुगीन विद्याव्यवस्थेचे सारच मानले गेले. या सूत्राला सर्वांत मार्मिक उत्तर इमॅन्युएल कांटने दिले. १७९८ साली प्रसिद्ध झालेल्या, विद्याशाखांमधील संघर्षाविषयीच्या ग्रंथात त्याने असा मुद्दा उपस्थित केला की, तत्त्वज्ञान दासी आहे हे एकवेळ मान्य केले तरी ती स्वामिनीच्या मागून तिच्या वस्त्राचा घोळ सावरीत चालते की पुढे मशाल धरून चालते, हा प्रश्न उरतोच. कांटने नाते नाकारले नाही. सेवेवरून स्थान ठरत नाही, एवढेच दाखवून दिले. 'अँसिलरी' या शब्दाच्या अर्थाची खरी किल्ली येथे आहे.

याच कुळातील इतर शब्दांची मुळे निराळी आहेत. 'सेकंडरी' हा शब्द 'मागून येणे' या अर्थाच्या धातूपासून आला असून तो क्रम सांगतो. 'ऑक्झिलरी'च्या मुळाशी साह्य आहे. 'सबसिडियरी'च्या मुळाशी रणांगणावर मागे राखून ठेवलेली कुमक आहे. मराठी वाचकाला या शेवटच्या शब्दाची ओळख इतिहासातून आहे. ३१ डिसेंबर १८०२ रोजी दुसऱ्या बाजीरावाने केलेल्या वसईच्या तहाने जी 'सबसिडियरी' फौज पेशव्यांनी पत्करली, तिला मराठीत 'तैनाती फौज' हे नाव मिळाले. नावाने साह्यकारी असलेल्या त्या फौजेच्या बळावर पेशवाईचे स्वातंत्र्य गेले आणि १८१८ साली पेशवाईही गेली. नाव साह्याचे आणि स्थान स्वामीचे, अशी विसंगती शब्दव्यवहारात किती सहज नांदू शकते याचे हे ठळक उदाहरण होय.

२. इंग्रजीतील उपयोजन

प्रत्यक्ष वापरात 'अँसिलरी' हा शब्द प्रामुख्याने कायदा, उद्योग आणि आरोग्यसेवा या क्षेत्रांत आढळतो. इंग्लंडच्या घटस्फोटविषयक कायद्यात पोटगी आणि मालमत्तेची वाटणी यांसंबंधीच्या मागण्यांना दीर्घकाळ 'अँसिलरी' दाद म्हटले जाई, कारण त्या घटस्फोटाच्या मुख्य दाव्याला जोडून येत. पक्षकारांच्या दृष्टीने मात्र पुष्कळदा वादाचा गाभा तोच असे. २०१० साली तयार झालेल्या आणि एप्रिल २०११ पासून अमलात आलेल्या नियमांनी हे नाव मागे टाकून 'वित्तीय उपाय' या अर्थाचा शब्द स्वीकारला. भारतातील कायद्याच्या परिभाषेत हा शब्द वेगळेच काम करतो. १९४० साली संघराज्य न्यायालयाने अतिका बेगम प्रकरणात असे तत्त्व मांडले की, विधिमंडळाला एखाद्या विषयावर कायदा करण्याचा अधिकार दिला असेल, तर त्या विषयात वाजवीपणे अंतर्भूत होणाऱ्या 'अँसिलरी' बाबींवरही तो अधिकार पोचतो. स्वातंत्र्योत्तर न्यायनिर्णयांनीही हे तत्त्व पुढे चालविले. येथे या शब्दाने बाब खालच्या पायरीवर ढकलली जात नाही; उलट ती अधिकाराच्या कक्षेत आणली जाते.

ब्रिटनमधील रुग्णालयांत स्वयंपाकघर, धुलाई, स्वच्छता, रुग्णांची ने-आण ही कामे करणाऱ्यांना 'अँसिलरी' कर्मचारी म्हणत. १९७३ साली या कर्मचाऱ्यांनी देशव्यापी संप केला तेव्हा रुग्णालयांचे कामकाज विस्कळीत झाले. ज्यांच्या कामाला जोडकाम म्हटले जात होते, त्यांच्यावाचून मुख्य काम चालत नाही हे त्या वेळी उघड झाले.

महाराष्ट्रात हा शब्द बोलभाषेत उतरला तो उद्योगांच्या द्वारे. पिंपरी-चिंचवड आणि भोसरीच्या परिसरात मोठ्या वाहन-कारखान्यांना सुटे भाग पुरविणाऱ्या लहान कारखान्यांना 'अँसिलरी' असे सरसकट म्हटले जाते. मराठीत त्यांना 'पूरक उद्योग' हे नाव आहे. या उपयोगातही महत्त्वाची उतरंड अभिप्रेत नसून पुरवठ्याचे नाते अभिप्रेत आहे. सुटा भाग वेळेवर आला नाही तर वाहनाची जुळणी थांबते.

या सर्व उदाहरणांतून एक गोष्ट समान निघते. 'अँसिलरी' म्हणजे कमी महत्त्वाचे नव्हे. ज्याचे प्रयोजन दुसऱ्या कशाच्या तरी सिद्धीत आहे ते 'अँसिलरी'. ते अत्यावश्यक असू शकते, आकाराने मोठे असू शकते, खर्चिकही असू शकते.

३. मराठी पर्यायांची अर्थक्षेत्रे

आता मराठी शब्दांकडे वळता येईल. 'दुय्यम' हा फारसीतून आलेला शब्द. त्याचा मूळ अर्थ 'दुसरा' एवढाच. पण 'अव्वल'च्या जोडीने वावरल्यामुळे त्याला प्रतवारीचा रंग चढला. दुय्यम निबंधक, दुय्यम न्यायालय या पदनामांत तो अधिकाराची पायरी दाखवितो, तर 'दुय्यम प्रतीचा माल' या प्रयोगात गुणवत्तेची. 'सेकंडरी' या शब्दाला तो जवळचा असला तरी सर्वत्र नव्हे. शिक्षणाच्या टप्प्यासाठी मराठीने 'माध्यमिक' हा शब्द रूढ केला आणि हीनतेची छटा टाळली.

'गौण' हा शब्द 'गुण'पासून झाला आहे. शास्त्रीय परिभाषेत 'गुण' म्हणजे प्रधानाच्या अधीन असलेले अंग, आणि गौण अर्थ म्हणजे मुख्यार्थाहून वेगळा, सादृश्यादी संबंधाने आलेला अर्थ. आधुनिक मराठीत मात्र 'ही बाब गौण आहे' याचा अर्थ 'ती दुर्लक्षिली तरी चालेल' असा होतो.

'आनुषंगिक' हा शब्द प्रशासकीय मराठीत 'अँसिलरी'साठी पुष्कळदा योजला जातो. पण त्याच्या मुळाशी चिकटून येणे, ओघाने घडणे हा अर्थ आहे. संस्कृत व्याकरणात 'च' या अव्ययाचे अर्थ सांगताना दिले जाणारे एक प्रसिद्ध उदाहरण येथे उपयोगी पडते. शिष्याला भिक्षेला जाण्यास सांगून गायही घेऊन येण्यास सांगितले, तर भिक्षा हे मुख्य काम आणि गाय आणणे हे आनुषंगिक. वाटेत गाय दिसली तर आणावी. न दिसल्यास भिक्षेच्या कामात काहीच उणे राहत नाही. म्हणजे जे आनुषंगिक ते घडले नाही तरी मुख्याचे बिघडत नाही. 'अँसिलरी'चे तसे नाही. दासीने काम सोडले तर घर अडते. म्हणून कारखान्याच्या सुट्या भागांना किंवा रुग्णालयाच्या स्वयंपाकघराला 'आनुषंगिक' म्हणणे अर्थदृष्ट्या सदोष ठरते.

'पूरक' हा शब्द उणीव भरून काढण्याची कल्पना सुचवितो. 'पुरवणी' हा त्याचाच आप्त. वर्तमानपत्राची पुरवणी, उत्तरपत्रिकेची पुरवणी किंवा विधिमंडळातील पुरवणी मागण्या या सर्व मूळ वस्तू तयार झाल्यावर तिला जोडल्या जातात. 'अँसिलरी' गोष्ट मात्र मुख्य गोष्ट घडत असतानाच आतून काम करीत असते.

'सहायक' हा शब्द त्या मानाने जवळचा आहे. मराठी व्याकरणातील सहायक क्रियापदाची संकल्पना या दृष्टीने उद्बोधक ठरते. 'ती लिहू लागली' या वाक्यात लेखनाची क्रिया 'लिहू' या धातुसाधितातून कळते, तर काळ, लिंग, वचन आणि पुरुष यांचा सर्व भार 'लागली' या सहायकावर आहे. सहायक काढून घेतले तर अर्थाचा गाभा शिल्लक राहील. वाक्य मात्र उरणार नाही. गावपातळीवरील आरोग्य उपकेंद्रात काम करणाऱ्या 'ऑक्झिलरी नर्स'ला महाराष्ट्रात 'आरोग्यसेविका' म्हणतात. इंग्रजी पदनामात साह्य आहे, मराठी पदनामात सेवा आहे. आणि उपकेंद्राचा बहुतांश भार तिच्याच खांद्यावर असतो.

४. अंग आणि अंगी

मुख्य व अमुख्य यांच्या नात्याचा सर्वांत काटेकोर विचार भारतीय परंपरेत पूर्वमीमांसेने केला आहे. जैमिनीच्या सूत्रांच्या तिसऱ्या अध्यायाचा विषयच 'शेष' हा आहे. जे परार्थ असते, म्हणजे ज्याचे असणे दुसऱ्यासाठी असते, ते शेष. आणि ज्याच्यासाठी ते असते ते शेषी. यालाच अंग आणि अंगी असेही म्हणतात. दर्शपूर्णमास यागातील प्रयाज ही अंगे होत. ती प्रधान नाहीत. पण ती वगळली तर प्रधान कर्म सांग होत नाही. मुख्याला साह्य करणाऱ्या अशा अंगांना मीमांसकांनी 'उपकारक' ही संज्ञा दिली. 'अँसिलरी'चा तात्त्विक आशय व्यक्त करण्यास 'उपकारक' किंवा 'अंगभूत' इतका समर्पक शब्द दुसरा क्वचितच सापडेल.

याहूनही महत्त्वाची गोष्ट अशी की, अमुक एक गोष्ट अमुक गोष्टीचे अंग आहे हे मीमांसक गृहीत धरीत नाहीत. ते सिद्ध करावे लागते. श्रुती, लिंग, वाक्य, प्रकरण, स्थान आणि समाख्या ही सहा प्रमाणे त्यासाठी सांगितली असून, त्यांच्यात विरोध आल्यास आधीचे प्रमाण नंतरच्यापेक्षा बलवत्तर मानले आहे. केवळ नावावरून होणारा निर्णय, म्हणजे समाख्या, सर्वांत दुर्बल ठरतो, ही गोष्ट शब्दांच्या अभ्यासकाने विशेष लक्षात ठेवावी अशी आहे.

नाट्यशास्त्राने हाच विचार कथानकाला लावला. आधिकारिक वृत्त मुख्य आणि प्रासंगिक वृत्त त्याला उपकारक. प्रासंगिकातही दूरवर चालणारी 'पताका' आणि अल्पकाळ येणारी 'प्रकरी' असा भेद केला गेला. रामकथेतील सुग्रीवाचे वृत्त हे पताकेचे परंपरागत उदाहरण. सुग्रीवाला स्वतःचे प्रयोजन आहे आणि ते साधतानाच त्याच्या हातून रामाचेही कार्य होते. उपकारक असणे आणि स्वतःचा अर्थ असणे यांत विरोध नाही, हे येथे स्पष्ट होते.

५. साहित्याभ्यासातील परिणाम

या भेदांकडे दुर्लक्ष केल्याने साहित्यसंशोधनात काही रूढ समज निर्माण झाले आहेत. पहिला समज साधनांविषयीचा. 'दुय्यम साधने' या शब्दप्रयोगामुळे काही ग्रंथ कायमचे दुय्यम असतात अशी विद्यार्थ्यांची समजूत होते. वास्तविक साधनाचे स्थान प्रश्नावर अवलंबून असते. वि. ल. भावे यांचा 'महाराष्ट्र सारस्वत' हा ग्रंथ ज्ञानेश्वरीच्या अभ्यासकासाठी दुय्यम साधन होय. पण मराठीतील वाङ्मयेतिहासलेखनाचा अभ्यास करणाऱ्यासाठी तोच प्राथमिक साधन ठरतो.

दुसरा समज विद्याकार्याविषयीचा. सूची, कोश, पाठसंपादन ही कामे समीक्षेच्या तुलनेत 'गौण' मानली जातात. शंकर गणेश दाते यांच्या मराठी ग्रंथसूचीने १८०० ते १९५० या दीडशे वर्षांतील मुद्रित ग्रंथांची नोंद उपलब्ध करून दिली. त्या कालखंडावरील संशोधनाला आपला पाया तपासण्यासाठी तिच्याकडे वळावे लागते. सूची ही समीक्षेसाठी असते, या अर्थाने ती उपकारक खरी. पण कांटच्या भाषेत सांगायचे तर ती मशाल धरून पुढे चालणारी आहे.

तिसरा आणि सर्वांत नाजूक प्रश्न जनाबाईंच्या संदर्भात उभा राहतो. जनाबाईंच्या अभंगांतील 'नामयाची दासी' ही मुद्रा सर्वपरिचित आहे. 'आन्किल्ला' या शब्दाचा नेमका अर्थ तोच. लॅटिन बायबलमध्ये लूकच्या शुभवर्तमानात मरियाही स्वतःचा उल्लेख प्रभूची 'आन्किल्ला' असाच करते. भक्तीच्या क्षेत्रात दास्य हे स्वेच्छेने स्वीकारलेले नाते असते आणि त्यातच भक्ताची प्रतिष्ठा असते. नामदेवांच्या परिवारातील एक कवयित्री एवढ्यावरच जनाबाईंचा परिचय संपविला, तर कवयित्रीने घेतलेल्या नावाचे रूपांतर अभ्यासकाने दिलेल्या दर्जात होते. दळण, कांडण, शेणी वेचणे या श्रमांत विठ्ठलाला सहभागी करून घेणारी त्यांची अनुभूती नामदेवांच्या अभंगांची पुरवणी नव्हे. दासी ही तिची मुद्रा आहे. दुय्यम हा अभ्यासकाचा शेरा आहे. एकावरून दुसरे सिद्ध मानणे म्हणजे केवळ समाख्येच्या आधारे निर्णय देणे होय.

सारांश, 'अँसिलरी'साठी मराठीत एकच ठरीव प्रतिशब्द शोधणे इष्ट नाही. नाते क्रमाचे असेल तेथे 'दुय्यम', ओघाने येण्याचे असेल तेथे 'आनुषंगिक', उणीव भरण्याचे असेल तेथे 'पूरक', कार्यात हातभार लावण्याचे असेल तेथे 'सहायक' आणि मुख्याच्या सिद्धीसाठीच असण्याचे असेल तेथे 'उपकारक' वा 'अंगभूत' असा विवेक करणे श्रेयस्कर. 'गौण' हा शब्द मात्र सर्वांत शेवटी आणि कारण देऊन वापरावा. एखाद्या रचनेला, ग्रंथाला किंवा व्यक्तीला गौण ठरविण्यापूर्वी ती कशाच्या संदर्भात, कोणत्या प्रमाणाने गौण ठरते, हे सांगण्याची जबाबदारी संशोधकावर राहते.