तांब्या पृथ्वीपेक्षा जड कसा झाला? घातांकांच्या गुणाकारातली चूक अशी पकडा

मुंबई-आग्रा महामार्गाने धुळ्याहून शिरपूरकडे निघालात की वाटेत सोनगीर लागते. किल्ल्याचे आणि तांब्या-पितळेच्या भांड्यांचे हे गाव. समजा, ६३५ ग्रॅम वजनाचा तांब्याचा एक तांब्या समोर ठेवला, तर त्यात अणू किती असतील? साधारण ६ × १०^२४, म्हणजे ६ वर २४ शून्ये. (^ ही खूण घात दाखवते.)

एवढी शून्ये लिहीत बसणे शक्य नाही, म्हणून ही वैज्ञानिक पद्धत. मात्र एक चिन्ह निसटले की उत्तर कुठच्या कुठे जाते.

नियम काय?

पुढच्या संख्यांचा, म्हणजे सहगुणकांचा गुणाकार करायचा आणि १० च्या घातांकांची बेरीज. शेवटी सहगुणक १ किंवा त्याहून मोठा, पण १० पेक्षा लहान ठेवायचा.

चूक पहिली : वजा चिन्ह हरवले

तांब्याच्या एका अणूचे वस्तुमान सुमारे १.०६ × १०^-२२ ग्रॅम असते. अणूंच्या संख्येने गुणले की ६ × १.०६ = ६.३६ आणि २४ + (-२२) = २. उत्तर ६.३६ × १०^२, म्हणजे ६३६ ग्रॅम. तांब्याचेच वजन परत मिळाले! एका ग्रॅमचा फरक आकडे अंदाजे घेतल्यामुळे पडला.

वजा चिन्ह विसरलात तर घातांक ४६ येतो. पृथ्वीचे वस्तुमान सुमारे ६ × १०^२७ ग्रॅम आहे. म्हणजे तुमचा तांब्या पृथ्वीहून १०^१९ पट जड! बेरजेऐवजी घातांकांचा गुणाकार केलात, तर घातांक -५२८ येईल.

चूक दुसरी : दशांशचिन्ह उलटे सरकले

तांब्याच्या एका अणूत २९ इलेक्ट्रॉन असतात. मग सगळ्या तांब्यात किती?

(६ × १०^२४) × (२.९ × १०^१) = १७.४ × १०^२५

१७.४ चे १.७४ करताना संख्या दहापट लहान झाली. ती भरून काढायला घातांक एकाने वाढला पाहिजे. बरोबर उत्तर १.७४ × १०^२६. अनेक जण तो कमी करून १०^२४ लिहितात. पण २९ ने गुणल्यावर उत्तर मूळ ६ × १०^२४ पेक्षा लहान कसे होईल? इथेच चूक पकडली जाते.

फरक पाहा, पायरी सापडेल

उत्तरसूचीशी जुळत नसेल तर सगळे गणित खोडू नका. सहगुणक बरोबर असेल, तर घातांकातला फरक पाहा.

• फरक १ : सहगुणक बदलला, पण घातांक बदलायचा बहुधा राहिला.
• फरक २ : घातांक बहुधा उलट दिशेने बदलला.
• फरक एखाद्या घातांकाच्या दुप्पट : वजा चिन्ह सुटले. वरच्या उदाहरणात ४६ आणि २ यांतला फरक ४४, म्हणजे २२ ची दुप्पट.

कॅल्क्युलेटरही फसवतो

'ईएक्सपी' बटणाचा अर्थच 'गुणिले १० चा घात' असा आहे. ६ × १० लिहून मग ते बटण आणि २४ दाबले, तर उत्तर दहापट मोठे येते. फक्त ६, ईएक्सपी, २४ एवढेच दाबा.

परीक्षेत काय?

'नीट'मध्ये कॅल्क्युलेटर चालत नाही. बरोबर उत्तराला ४ गुण मिळतात, चुकीच्या उत्तराला १ गुण कापला जातो. चुकीच्या घातांकाचे उत्तरही पर्यायांत असू शकते, त्यामुळे 'पर्यायात आहे म्हणजे बरोबर' असे समजू नका. गोल भरण्याआधी स्वतःला एकच प्रश्न विचारा : उत्तर मोठे यायला हवे की लहान?