गेम काढला, सेव्ह कुठे गेली?

हार्ड डिस्क भरली की पहिली गदा गेमवर येते. एका गेमच्या पन्नास-शंभर जीबी झटक्यात मोकळ्या होतात, आणि गेम काय, उद्या पुन्हा उतरवून घेता येतो. परत मिळत नाही ती सेव्ह फाइल. गेमच्या लाखो प्रती जगभर असतात. सेव्ह खेळणाऱ्याने स्वतः घडवलेली असते आणि बहुतेक वेळा तिची प्रत एकच असते. रात्री जागून पार केलेली मिशन्स, थोरल्याने अर्ध्यावर सोडलेली आणि धाकट्याने पुढे नेलेली मोहीम, हे सगळं काही केबी-एमबीत मावलेलं असतं. गेल्या चाळीस वर्षांत या फाइलचं घर सारखं बदलत गेलं, आणि गेम काढताना ती वाचणार की जाणार हे दर वेळी त्या घरावरून ठरलं.

नव्वदच्या दशकात आपल्याकडे टीव्हीला जोडायचे जे व्हिडिओ गेम आले, ते बहुतेक निन्टेंडोच्या फॅमिकॉमच्या नकला होत्या. कॅसेट खोचायची, मारिओ नाहीतर कॉन्ट्रा लावायचा, आणि वीज गेली की पुन्हा पहिल्यापासून. सेव्ह हा प्रकारच या पिढीला माहीत नव्हता. जपान-अमेरिकेत तोवर दोन वाटा निघाल्या होत्या. जपानमध्ये १९८७ साली आलेल्या 'ड्रॅगन क्वेस्ट २'मध्ये ५२ अक्षरांपर्यंतचा पासवर्ड वहीत उतरवून घ्यावा लागे. एक अक्षर चुकलं की सगळं मुसळ केरात. त्याच वर्षी अमेरिकेत 'द लेजंड ऑफ झेल्डा' कार्ट्रिजवर आला. त्यात घड्याळात असतो तसा बटण सेल होता आणि त्याच्या जोरावर आतली मेमरी टिकायची. 'पोकेमॉन गोल्ड' आणि 'सिल्व्हर'मध्ये हाच सेल गेममधलं घड्याळही चालवायचा, म्हणून लवकर संपायचा. नवा टाकायला जुना काढला की आत जमवलेले सगळे पोकेमॉन गेले.

१९९४ मध्ये प्लेस्टेशनने मेमरी कार्ड आणलं. १२८ केबी, १५ ब्लॉक. गेमची डिस्क एकीकडे, सेव्ह दुसरीकडे. डिस्क चरे पडून वाया गेली, कुणाला देऊन टाकली, तरी कार्ड खिशात राहायचं. पुढे प्लेस्टेशन २ चं ८ एमबीचं कार्डही तसंच. मित्राच्या घरी जाताना फक्त कार्ड न्यायचं, त्याच्या मशीनमध्ये खोचायचं आणि आपला खेळ पुढे चालू. सेव्ह कुणाची, हा प्रश्न इतक्या सरळपणे नंतर कुणी सोडवला असं मला वाटत नाही.

कॉम्प्युटरवरची गोष्ट वेगळी होती. डॉसच्या काळात गेम म्हणजे एक फोल्डर, आणि सेव्ह त्याच्याच पोटात. 'प्रिन्स ऑफ पर्शिया' आठवून बघा. तिसऱ्या लेव्हलपासून पुढे कंट्रोल आणि जी दाबलं की गेम सेव्ह व्हायचा, आणि फोल्डरमध्ये 'प्रिन्स' नावाची आठ बाइट्सची फाइल तयार व्हायची. आठ बाइट्स! साठ मिनिटांपैकी किती उरली, कितवी लेव्हल, तळाशी दिसणारे तांबडे त्रिकोण किती, एवढंच तिच्यात असायचं. सेव्हही एकच, दुसऱ्याने खेळून सेव्ह केलं की आपली पुसली गेली. गेम काढायचा म्हणजे फोल्डर उडवायचा. १९९३ च्या एमएस-डॉस ६ मध्ये 'डेलट्री' ही आज्ञा आली आणि ते काम एका ओळीत होऊ लागलं, सेव्हसकट. ती वाचवणंही तितकंच सोपं होतं. आधी फाइल फ्लॉपीवर कॉपी करायची, मग फोल्डर उडवायचा. फाइल कुठे आहे हे डोळ्यांसमोर दिसत होतं, ही त्या काळाची मोठी सोय.

विंडोज ९५ बरोबर 'ॲड-रिमूव्ह प्रोग्राम्स' आलं आणि गेम काढण्याचं काम खेळणाऱ्याच्या हातून अनइन्स्टॉलरकडे गेलं. नेकीने लिहिलेला अनइन्स्टॉलर इन्स्टॉल करताना कुठे काय टाकलं याची नोंद ठेवतो आणि परत जाताना नेमकं तेवढंच उचलतो. सेव्ह फाइल नंतर तयार झालेली, त्या नोंदीत तिचं नाव नाही, म्हणून ती मागे राहते. 'काही गोष्टी काढता आल्या नाहीत' असा निरोप यायचा तो यामुळेच, आणि त्या उरलेल्या फोल्डरला कचरा समजून लोक हाताने पुसायचे. सगळेच अनइन्स्टॉलर इतके शहाणे नव्हते. डिसेंबर १९९८ मध्ये बंजी कंपनीच्या 'मिथ २: सोलब्लायटर'मध्ये भयानक दोष सापडला. त्याचा अनइन्स्टॉलर नोंद न बघता, गेम ज्या फोल्डरमध्ये टाकला तो अख्खा फोल्डर पुसायचा. कुणी गेम थेट ड्राइव्हच्या मुळाशी टाकला असेल, तर पूर्ण ड्राइव्हच साफ. बंजीने बाजारात निघालेल्या प्रती माघारी बोलावल्या आणि मोठा आर्थिक फटका सोसला. खेळणाऱ्याच्या फाइलींची किंमत ओळखून एखाद्या कंपनीने असा निर्णय घेतला, याबद्दल मला आजही आदर वाटतो.

यानंतर सेव्ह गेमच्या फोल्डरमधून बाहेर पडून 'माय डॉक्युमेंट्स'मध्ये राहायला आली. आपल्याकडे हे बहुतेकांना कळलं ते 'जीटीए व्हाइस सिटी'मुळे. मे २००३ मध्ये तो कॉम्प्युटरवर आला आणि पुढची कित्येक वर्षं महाराष्ट्रातल्या तालुक्याच्या गावातल्या सायबर कॅफेतही ठाण मांडून बसला. त्याच्या आठ सेव्ह 'जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स' नावाच्या फोल्डरमध्ये, माय डॉक्युमेंट्सच्या आत. म्हणजे कंट्रोल पॅनलमधून गेम रीतसर काढला तरी सेव्ह जागच्या जागी. व्यवस्था चांगली होती, पण आपल्या वापराशी तिचं जमलं नाही. आपल्याकडे गेम डी नाहीतर ई ड्राइव्हवर कॉपी केलेला असायचा, इन्स्टॉलसुद्धा न करता थेट फोल्डरमधून चालवलेला. कॉम्प्युटर हळू झाला की दुरुस्तीवाला येऊन सी ड्राइव्ह फॉरमॅट मारायचा आणि सांगायचा, 'गेमला हात लावलेला नाही.' तो खरंच बोलायचा. गेम डी ड्राइव्हवर सुखरूप असायचा. गेलेलं असायचं ते सीवरचं माय डॉक्युमेंट्स. गुलाबी कॅसेटवर उभं राहून सेव्ह केलेलं सगळं पुसून नायक पुन्हा ओशन व्ह्यू हॉटेलच्या दारात.

कॅफेत तर आणखी एक अडचण होती. अनेक ठिकाणी 'डीप फ्रीझ' टाकलेलं असे. मशीन रीस्टार्ट झालं की ते पुन्हा मूळ स्थितीत, मधल्या वेळात तयार झालेली प्रत्येक फाइल साफ. कॅफेमालकाच्या दृष्टीने ते रास्तच होतं, व्हायरसपासून तेच वाचवायचं. पण व्हाइस सिटीत सेव्ह फक्त ठरलेल्या घरांत होते, त्यात २००५ नंतरचं लोडशेडिंग. मिशनच्या मध्यावर दिवे गेले की ते मिशन गेलं, आणि दिवे परत आले की डीप फ्रीझमुळे आधीचीही सगळी गेली. शहाणी मुलं पेन ड्राइव्ह गळ्यात घालून यायची. बसल्याबरोबर यूजर फाइल्स आत टाकायच्या, उठण्याआधी बाहेर काढायच्या. बॅकअप ही काय चीज आहे ते या मुलांना कुणी शिकवावं लागलं नाही.

विंडोज व्हिस्टाने 'सेव्हड गेम्स' नावाचा खास फोल्डर दिला, पण गेम बनवणाऱ्यांनी तो फारसा मनावर घेतला नाही. उलट एक नवी फसगत झाली. प्रोग्राम फाइल्समध्ये लिहायला बंदी आल्यामुळे जुने गेम तिथे सेव्ह करायला गेले की विंडोज ती फाइल गुपचूप ॲपडेटाच्या आतल्या 'व्हर्च्युअलस्टोअर'मध्ये वळवायचं. गेमला वाटायचं आपल्याच फोल्डरमध्ये लिहिलं, खेळणाऱ्यालाही तेच वाटायचं. तो अख्खा गेम फोल्डर डीव्हीडीवर घ्यायचा, विंडोज नवं टाकायचा, आणि मग कळायचं की डीव्हीडीत सगळं आहे, सेव्ह नाही. ॲपडेटा तर मुळात लपवलेला फोल्डर. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीतली घरंदारं, किल्ले तिथेच राहतात. एल्डन रिंगची सेव्हही तिथेच. विचर ३ ची डॉक्युमेंट्समध्ये, कुणाची स्टीम या गेम विकणाऱ्या सेवेच्या 'यूजरडेटा'मध्ये. एकाच कॉम्प्युटरवर दहा गेमच्या सेव्ह दहा ठिकाणी, अशी आजही स्थिती आहे. कुठल्या गेमची सेव्ह कुठे सापडेल याची नोंद २०१२ पासून 'पीसीगेमिंगविकी'वर खेळणाऱ्यांनीच जमवली, आणि त्या नोंदीच्या आधारावर 'लुडुसावी' नावाचं मोफत साधन सगळ्या सेव्ह शोधून एका जागी आणून ठेवतं. मोठ्या कंपन्यांनी करायचं काम हौशी लोकांनी निगुतीने केलं.

२००८ मध्ये स्टीमने क्लाउड आणलं. गेम काढा, दुसऱ्या कॉम्प्युटरवर टाका, सेव्ह आपोआप हजर. मोठा दिलासा होता, आजही आहे. मात्र प्रत्येक गेम त्यात नसतो आणि क्लाउड म्हणजे बॅकअपही नव्हे. ते दोन्हीकडची स्थिती सारखी ठेवतं. इकडची सेव्ह पुसली गेली तर ते पुसणंही वर पोचू शकतं. गेम नव्याने टाकून सुरू केला, कोरी सेव्ह तयार झाली, की स्टीम विचारतं, क्लाउडवरची ठेवू की इथली? तिथे तारीख आणि वेळ दिलेली असते, ती न वाचता घाईत बटण दाबणाऱ्यांनी शेकडो तासांचा खेळ गमावलेला आहे. सेव्ह हाताने परत ठेवायची असेल तर आधी त्या गेमचं क्लाउड बंद करावं, गेम एकदा चालू करून त्याला त्याचा फोल्डर बनवू द्यावा, बंद करावा, मग जुनी फाइल आत टाकावी आणि ती नीट उघडते हे बघूनच क्लाउड पुन्हा चालू करावं.

फोनवर सगळ्यात जास्त सेव्ह गेल्या असतील, आणि त्याही न कळता. अँड्रॉइडवर प्रत्येक ॲपला स्वतःची बंद खोली मिळते; ॲप अनइन्स्टॉल केलं की खोलीच पाडली जाते. ८ जीबीच्या फोनवर लग्नाचे व्हिडिओ मावेनात म्हणून आईने अँग्री बर्ड्स काढला, पोराचे सगळे तारे गेले, आणि दोघांनाही कळेना की नवा टाकला तर पहिल्या लेव्हलपासून का. सेटिंग्जमधलं 'क्लिअर डेटा' आणि 'क्लिअर कॅशे' यांची गल्लत तर रोजची. कॅशे पुसल्याने सहसा काही बिघडत नाही, डेटा पुसला की सेव्ह गेली. २०१५ च्या अँड्रॉइड ६ पासून ॲपमागे २५ एमबीपर्यंत आपोआप बॅकअप होऊ लागला, पण तो फोन रिकामा पडलेला असताना, वाय-फायवर, दिवसातून फार तर एकदा. आज दुपारी जिंकलं आणि संध्याकाळी ॲप काढलं, तर परत मिळेल ती कालची स्थिती, तीही ॲपने बॅकअप नाकारला नसेल तर. आयफोनवर २०१७ मध्ये आयओएस ११ ने 'ऑफलोड' दिलं: ॲप जातं, डेटा राहतो. अँड्रॉइड १० मध्ये अनइन्स्टॉल करताना 'डेटा ठेवायचा का' हे विचारण्याची सोय आली, पण विचारायचं की नाही हे ॲप बनवणाऱ्यावर सोडलं. २०२३ मध्ये प्ले स्टोअरने ॲप अर्काइव्ह करण्याची, म्हणजे डेटा ठेवून बाकीचं काढण्याची, सोय आणली. जागेसाठी गेम काढायचा असेल तर अनइन्स्टॉलपेक्षा ती बरी.

ऑनलाइन गेममध्ये सेव्ह फोनवर नसतेच, ती खात्याच्या नावाने कंपनीच्या सर्व्हरवर असते. सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर बंदी आली तेव्हा कुणीही काहीही अनइन्स्टॉल न करता लाखो भारतीय मुलांचा खेळ थांबला. जुलै २०२१ मध्ये त्याची भारतासाठीची आवृत्ती बीजीएमआय आल्यावर जुना डेटा नव्या गेममध्ये न्यायला ठराविक मुदत मिळाली. खातं जोडलेलं होतं आणि मुदत पाळली, त्यांच्या बंदुका-पोशाख परत आले. जानेवारी २०२३ मध्ये गूगलने स्टेडिया ही ऑनलाइन गेम सेवा बंद केली तेव्हा सेव्ह उतरवून घ्यायची सोय निदान दिली होती.

कन्सोलवर गेम काढला तरी सेव्ह सहसा राहते. प्लेस्टेशनवर आणि निन्टेंडो स्विचवर ती पुसायचा पर्याय वेगळा ठेवलेला आहे. पण मशीनच बिघडलं तर? प्लेस्टेशन ४ वर सेव्ह यूएसबी ड्राइव्हवर घेता यायची. प्लेस्टेशन ५ वर त्याच्या स्वतःच्या गेमची सेव्ह तशी बाहेर काढता येत नाही. ती क्लाउडवर ठेवायची तर प्लेस्टेशन प्लसची वर्गणी भरावी लागते. १९९४ साली खिशात घालून नेता येणारी गोष्ट आज पैसे भरून भाड्याने ठेवावी लागते. हे मला मान्य नाही, आणि यूएसबीची सोय परत द्यायला सोनीला तांत्रिक अडचण असेल असंही वाटत नाही.