लिलावाची जाहिरात छापून येण्याआधीच हालचाल करा

आज गहाण घराच्या लिलावाबद्दल बोलायचं आहे. विषय कोर्टकचेरीचा वाटतो, पण तो आपल्या घरातलाच आहे. घरच्या माणसाने दुकानासाठी किंवा राईस मिलसाठी कर्ज काढलं, "इथं सही कर" म्हटलं आणि आपण सही केली. त्या सहीने आपण सहकर्जदार किंवा जामीनदार झालो. हप्ते थकले की नोटीस आपल्याही नावाने येते.

पुष्कळ जणींना वाटतं, कोर्टाचा निकाल लागल्याशिवाय घर कोण विकणार? पण २००२ च्या सरफेसी कायद्याने बँकेला दिवाणी दावा न लावता तारण मालमत्ता विकता येते. सहकारी बँकाही यात येतात. कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या एका सहकारी बँकेच्या खटल्यात ५ मे २०२० ला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांनी तसा निकाल दिला आहे.

आता पायऱ्या समजून घेऊ.

पहिली नोटीस ६० दिवसांची असते. या मुदतीत बँकेला लेखी हरकत देता येते. आकडा चुकला असेल, भरलेला हप्ता जमा दिसत नसेल, तर पावत्यांच्या झेरॉक्स जोडून लिहा आणि पोच घ्या. बँकेने १५ दिवसांत उत्तर द्यायचं असतं. पोस्टमनकडून नोटीस घेतलीच नाही म्हणून ती टळत नाही. ती दारावर चिकटवून आणि वर्तमानपत्रात छापूनही बजावता येते.

६० दिवसांत पैसे भरले नाहीत, तर बँक ताबा घेण्याची कारवाई करते. इथून ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे अर्ज करता येतो. आपल्या भंडारा जिल्ह्यासाठी ते नागपूरला आहे. दिवाणी कोर्ट या वादात पडत नाही. चुकीच्या दारात गेलं की हेच ४५ दिवस वाया जातात.

त्यानंतर लिलावाची नोटीस येते. पहिल्या लिलावाआधी कर्जदाराला ३० दिवसांची सूचना द्यावी लागते. राखीव किंमत ठरवायला मूल्यांकन करून घ्यावं लागतं. सूचना दिली नाही, किंमत फारच कमी धरली, अशा मुद्द्यांवर बरेच वाद होतात.

पण सगळ्यात महत्त्वाची गोष्ट अजून सांगायची आहे. संपूर्ण थकबाकी आणि खर्च भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होईपर्यंतच असतो. पूर्वी विक्री पूर्ण होईपर्यंत सवड मिळायची. २०१६ च्या दुरुस्तीने ती कमी झाली.

याचं मोठं उदाहरण नवी मुंबईचं आहे. बाफना मोटर्स या कंपनीची तिथली जागा युनियन बँकेकडे गहाण होती. आठ लिलाव फसले. नववा ३० जून २०२३ ला झाला आणि सेलीर नावाच्या खरेदीदाराने १०५ कोटी ५ लाखांची बोली जिंकून पूर्ण रक्कम भरली. मधल्या काळात कर्जदार १२९ कोटी भरायला तयार झाला आणि मुंबई उच्च न्यायालयाने परवानगीही दिली. पण २१ सप्टेंबर २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. जाहिरात निघाली तेव्हाच सोडवण्याचा हक्क संपला, असं न्यायालय म्हणालं. तरी वाद थांबला नाही. जागेचे हक्क तिसऱ्याच कंपनीला दिले गेले होते. शेवटी १३ डिसेंबर २०२४ ला खरेदीदाराला ताबा देण्याचा आदेश पुन्हा द्यावा लागला. बोलीपेक्षा जास्त पैसे हातात असूनही उशीर झाला तो झालाच. मग आपल्यासारख्यांनी किती आधी जागं व्हावं?

काही बाबतींत हा कायदा लागत नाही. शेतजमिनीवर तो चालत नाही, म्हणून धानाची शेती या मार्गाने विकता येत नाही. मूळ कर्ज आणि व्याज मिळून २० टक्क्यांपेक्षा कमी बाकी असेल तरीही नाही. पण निर्धास्त राहू नका, वसुलीचे दुसरे कायदे आहेत. पतसंस्था सहकार कायद्याने वसुली दाखला घेऊन जप्ती आणि लिलाव करते. तिथे लिलाव झाल्यावरही ३० दिवसांत थकबाकी आणि खरेदी रकमेच्या ५ टक्के भरून विक्री रद्द करण्याचा अर्ज करता येतो.

लिलावात स्वस्त घर घेऊ पाहणाऱ्या ताईंनीही जपावं. बोली जिंकली की लगेच २५ टक्के आणि १५ दिवसांत उरलेली रक्कम भरावी लागते, नाहीतर भरलेले पैसे बुडतात. मालमत्ता "जशी आहे तशी" मिळते. बँकेकडे प्रत्यक्ष ताबा आहे की फक्त कागदावर, घरात कोण राहतं, ग्रामपंचायत किंवा नगर परिषदेचा कर किती थकला आहे, न्यायाधिकरणात अर्ज चालू आहे का, हे आधी विचारा.

वकिलाचा खर्च परवडत नाही म्हणून गप्प बसू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्यानुसार कोणत्याही स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा किंवा १५१०० या क्रमांकावर फोन करा.

ताईंनो, बँकेचा लिफाफा आला तर लाजेपोटी देव्हाऱ्यामागे लपवू नका. त्यावर मिळाल्याची तारीख लिहा, त्याच आठवड्यात बँकेत जा आणि गटाच्या बैठकीत तो वाचून घ्या. आपल्या गटात वाचू शकणारी एक तरी बाई आहे.