मृत्यू सांगणारा आणि अवयव मागणारा

आयसीयूत छाती वर-खाली होत असते, अंग गरम असते, मॉनिटरवर ठोके दिसतात, आणि डॉक्टर सांगतात, ‘पेशंट ब्रेन डेड आहे.’ नातेवाइकांना ते पटत नाही. त्यातच अवयवदानाचा विषय निघाला की मनात येते, यांना माणूस वाचवायचाय की अवयव हवेत? डॉक्टरचा पेचही मोठा असतो. समोर शोकाकुल आई-बाप, आणि दुसरीकडे अवयवाअभावी मृत्यूच्या दारात उभे असलेले रुग्ण.

२००८ च्या सप्टेंबरात तमिळनाडूतल्या तिरुक्कळुकुंड्रमच्या डॉक्टर दांपत्याचा १५ वर्षांचा मुलगा हितेंद्रन दुचाकीच्या अपघातानंतर मेंदूमृत झाला. आई-वडिलांनी अवयव दिले. पोलिसांनी रस्ता मोकळा केला आणि त्याचे हृदय ११ मिनिटांत चेन्नईतल्या मोगप्पैरच्या रुग्णालयात पोचले; ते ९ वर्षांच्या मुलीला बसवले गेले. तमिळनाडूत अवयवदानाला तिथून बळ मिळाले. २०२३ पासून तिथे अवयवदात्यांवर शासकीय इतमामात अंत्यसंस्कार होतात.

हितेंद्रनचे आई-वडील स्वतः डॉक्टर होते, मेंदूमृत्यू म्हणजे काय हे त्यांना कुणी समजावावे लागले नाही. सामान्य कुटुंबाकडे हे ज्ञान नसते. म्हणून अवयव प्रत्यारोपणाच्या १९९४ च्या कायद्याने विश्वासाची तजवीज केली आहे. चार डॉक्टरांचे मंडळ किमान सहा तासांच्या अंतराने दोनदा तपासणी करते. प्रत्यारोपण करणारा डॉक्टर त्या मंडळात असू शकत नाही. मृत्यू जाहीर करणारा आणि अवयव घेणारा वेगळा असावा, हेच या कायद्याचे नैतिक मर्म आहे. महाराष्ट्र आणि गोव्यात हा कायदा १९९५ मध्येच लागू झाला.

पण कायदा कितीही चोख असला, तरी तो नातेवाइकांपर्यंत पोचवतो तो माणूसच. आधी मृत्यूची बातमी नीट, वेळ देऊन सांगावी. ती पचल्यावरच, प्रशिक्षित समन्वयकाने अवयवदानाचे विचारावे. दोन्ही गोष्टी एका दमात सांगितल्या की विश्वास तुटतो. कुटुंबाने ‘नाही’ म्हटले, तर त्यालाही तितकाच मान हवा.

आणि आपणही हा निर्णय आयसीयूच्या दारात घ्यायला ठेवू नये. आपली इच्छा आजच घरच्यांना स्पष्ट सांगा.